डाग आतल्या बाजूला

लाँड्रीतल्या कुणालाही विचारा, भोंगाताईचं खरं नाव काय. तो आधी कान खाजवेल, मग म्हणेल, अहो, भोंगाताई म्हणजे भोंगाताई, नाव कशाला पाहिजे.

सकाळच्या पाळीचा भोंगा वाजला की त्याचं शेपूट धरून तिचा आवाज यायचा. पत्र्याच्या छताला टांगलेल्या कर्ण्यांतून, स्वच्छ, गोड, जरासा नाकातला. "सुप्रभात. आजचा विचार ऐका. वाट अवघड म्हणून रडू नका, पाय शाबूत आहेत म्हणून हसा."

"आणि चपला कुणाच्या बापाने द्यायच्या?" रोलरजवळून वहिनी म्हणायची. ती भोंगाताईच्या भावाची बायको, पण लाँड्रीत सगळ्यांचीच वहिनी. तिच्या भोवतालच्या बाया तोंडात पदर, ओढणी, जे हाताशी असेल ते कोंबून हसायच्या. कर्ण्यांना कान नसतात, त्यामुळे विचार पुढे चालू राहायचा.

लाँड्री म्हणजे कोपऱ्यावरची इस्त्रीची टपरी नव्हे. मोठे दवाखाने आणि हॉटेलं जिथे आपली घाण पाठवतात ती. मागच्या दाराने मळक्या चादरींच्या ढकलगाड्या आत येतात, पुढच्या दाराने कडक घडीचे गठ्ठे बाहेर जातात. मधल्या जागेत माणसं असतात. वाफेने त्यांच्या पापण्या ओल्या आणि औषधी पाण्याने नखं पांढरी. दवाखान्यात झोपणाऱ्याला वाटतं, चादर मुळातच पांढरी असते. वाटू दे बापड्याला.

या भोंगाताईला पूर्वी 'मुकी' म्हणत, हे आता सांगून कुणाला पटणार नाही.

तिचा नवरा नळ दुरुस्त करायचा. एका रविवारी गुळगुळीत दाढी करून हत्यारांची पिशवी घेऊन बाहेर पडला तो पडलाच. जगाचे नळ दुरुस्त करणारा माणूस घरचा नळ गळता ठेवून गेला. ती काही दिवस त्या नळाखाली बादली लावत बसली, मग बादली लावायचंही सोडलं. शेवटी वहिनी आली, भांड्यांचं गाठोडं बांधलं, नणंदेला उठवलं आणि आपल्या घरी घेऊन गेली. भाऊ ट्रकवर असायचा, महिन्यातून दोन-तीनदा घरी. त्याला विचारलंही नाही. दारात आल्यावर नणंदेला नुसतं सांगितलं, "वन्सं, जेवायला तेवढं तोंड उघडा. बोलायचं पुढे बघू."

वर्षभर तिने जेवायलाच तोंड उघडलं. रोलरवर उभी राहायची, चादरी सोडायची, घरी यायची, भिंतीकडे तोंड करून झोपायची.

मग एक दिवस एका वाक्याने तिला गाठलं. बायकांच्या न्हाणीघरात आरसा तडकला होता. कुणीतरी त्या तड्यावर जुन्या कॅलेंडरचं पान चिकटवलं होतं आणि त्यावर छापलं होतं, 'आज जे हातात आहे ते आधी बघ.' मुकीने हातात बघितलं. साबणाचा मेलेला, केस चिकटलेला एक गोळा होता. तिला हसू आलं. हसू कसलं, पाणी गेल्यावर नळ खोकतो तसा आवाज. पण आवाज तर निघाला.

वाक्यांना नावं ठेवणाऱ्यांनी इथे जरा थांबावं. बुडत्याला काडीचा आधार म्हणतात. तिला कागदाचा मिळाला आणि ती खरोखर वर आली. हे खोटं नाही. खोटं पुढे सुरू होतं.

ती वाक्यं वेचायला लागली. कॅलेंडरांच्या पाठी, दुकानांच्या पिशव्या, दातांच्या डॉक्टरची भिंत, जिथे मिळेल तिथून. लिहून घ्यायची नाही, सगळं तोंडपाठ. संध्याकाळी वहिनी भाजी निवडायला बसली की ही शेजारी बसून दिवसातल्या चांगल्या गोष्टी बोटांवर मोजायची.

"आज वाफ बेताची होती. पाठ कमी दुखली. आणि तुझी भाजी तिखट नव्हती."

"तिखटच होती," वहिनी म्हणायची. "तुमची जीभ मेलीय."

पण वहिनीला आनंद होता. शेजारणीला सांगायची, "बोलायला लागली बाई. आता गप्प कोण करणार तिला, हा प्रश्न आहे."

लाँड्रीतल्या बायाही तिच्याकडे यायला लागल्या. घडीच्या टेबलावर एक पोरगी होती. तिचं ठरलेलं लग्न मोडलं आणि तिने डबा खाणं सोडलं. भोंगाताई तिच्यापाशी जेवणाची सगळी सुट्टी बसली. काय बोलली कुणाला ऐकू आलं नाही, पण सुट्टी संपताना पोरीने डबा उघडला. असं दोनदा झालं, चारदा झालं. डोकेदुखीवर गोळी मागावी तसं लोक तिच्याकडे वाक्य मागायचे आणि ती चेहरा बघून द्यायची. या गोष्टीत तिचा हात बसला होता, हे मान्य करायला हवं.

ही बातमी हसऱ्या साहेबांच्या कानावर गेली.

साहेबांचे दात साहेबांच्या आधी खोलीत शिरायचे. पगार कापला हे सांगतानाही हसायचे, त्यामुळे समोरच्याला वाटायचं, आपलंच ऐकण्यात काही चुकलं. ते नुकतेच कसल्याशा शिबिराला जाऊन आले होते. तिथे त्यांना कुणी सांगितलं होतं, की तक्रार हा संसर्ग आहे, एकाला झाला की सगळ्यांना होतो.

तोवर बॉयलरजवळ एक काळा फळा होता. ज्याचं जे बिघडलं ते त्याने खडूने लिहायचं. 'ड्रम गळतो.' 'चाक तुटलं.' 'जळका वास.' अख्ख्या लाँड्रीला एकच मेकॅनिक. मागच्या खिशात कायम पाना खोचलेला असायचा म्हणून त्याचं नाव पाना. पाना सकाळी यायचा, फळा वाचायचा, कामाला लागायचा आणि जे दुरुस्त झालं ते बाहीने पुसायचा. त्याची एक बाही कायम पांढरी.

साहेबांनी फळा काढला. म्हणाले, सकाळी सकाळी काळं बघायला नको. त्या जागी उगवत्या सूर्याचं चित्र लागलं आणि आनंदफेरी सुरू झाली. पाळी सुरू होण्याआधी सगळ्यांनी गोलात उभं राहायचं आणि प्रत्येकाने एक चांगलं वाक्य बोलायचं. काही दुरुस्त करून हवं असेल तर तेही फेरीतच सांगायचं, पण चांगल्या भाषेत.

लोकांना ते जमेना. जन्मभर बिघडलेल्यात काम केलेली माणसं ती. चांगलं बोलायला तोंड उघडलं की टेबलाचा पाय मोडल्याचं बाहेर पडायचं. साहेबांचं हसू आखडायला लागलं. तेव्हा गोलातून भोंगाताई म्हणाली, "अगं, चादरीवर डाग राहिला तर आपण काय करतो? घडी घालतो ना, डाग आतल्या बाजूला? तसंच बोलायचं."

सगळे हसले. लाँड्रीतलं हे उघड गुपित. पुन्हा पुन्हा धुऊनही पुसट डाग उरला तर चादर फेकत नाहीत, घडी अशी घालतात की डाग आत जातो. गिऱ्हाइकाला तो पसरल्यावर दिसतो. पसरल्यावर ते त्याचं नशीब. हे साहेबांना ठाऊक नाही असं धरून चालायचं, पण सगळ्यात मोठ्याने साहेबच हसले.

त्या दिवसापासून नियम पडला. कुणाच्या तोंडून तक्रार निघाली की सगळ्यांनी दोन टाळ्या वाजवायच्या आणि ओरडायचं, "घडी घाल." बोलणाऱ्याने आपलं वाक्य दुमडून, डाग आत घेऊन परत बोलायचं. लोकांना मजा वाटली. कामाच्या आधी फुकटात ओरडायला मिळतं, कुणाला नकोय?

आणि भोंगाताईला मिळाली काचेची खोली. एवढीशी, कपाटापेक्षा थोडी मोठी. पण तिथे वाफ यायची नाही. आत मायक्रोफोन, टेबल आणि खुर्ची. साहेब म्हणाले, "वरून मोठे साहेब येतील, बघतील. तुम्हाला कायम करू. आनंद-प्रमुख. बसा."

रोलरवर पायांच्या शिरा निळ्या होईपर्यंत उभं राहिलेल्या बाईला आयुष्यात पहिल्यांदा कुणीतरी बसा म्हणालं होतं. ती बसली.

रोलरवरची तिची जागा रिकामी झाली. तिथे वहिनीला लावलं.

आता रोलर म्हणजे काय ते सांगितलं पाहिजे. दोन तापलेले लोखंडी रूळ एकमेकांना घासून फिरतात. अलीकडून ओली चादर सोडायची, पलीकडून कोरडी, कडक निघते. रुळांच्या अलीकडे एक आडवी पट्टी असते. चादरीबरोबर हात पुढे गेला तर तो आधी पट्टीला लागतो आणि रूळ जागच्या जागी थांबतात. रोलरवरच्या बाईचा सगळा जीव त्या पट्टीवर.

एका संध्याकाळी वहिनी कांदा चिरता चिरता म्हणाली, "वन्सं, पट्टी अडकते."

"कितीदा अडकली?"

"मोजून देऊ का? अडकते. दाबली तर कधी थांबतो, कधी नाही. आज टोकाबरोबर बोटं पार जवळ गेली, पट्टी ढिम्म. मी हिसका मारून हात काढला."

"पानाला सांगितलंस?"

"सांगितलं. तो म्हणतो, वहिनी, फेरीत येऊ दे. फेरीत न आलेलं काम काढलं की साहेब विचारतात, तुला कुणी सांगितलं, कामचुकारपणा करतोस का."

"मग उद्या फेरीत सांग. पण जरा नीट सांग हो."

"नीट म्हणजे कसं? पट्टीला माझी इतकी माया लागलीय की जागची हलत नाही, असं?"

भोंगाताई हसली. वहिनी हसली नाही. तिने कांदा पुरा चिरला आणि डोळे मनगटाने पुसले.

दुसऱ्या दिवशी फेरी वहिनीपाशी आली. तिने घडी-बिडी काही घातली नाही. सरळ म्हणाली, "रोलरची पट्टी अडकते. एखाद्या दिवशी कुणाचा तरी हात जाईल."

 मग कुठूनतरी दोन टाळ्या आल्या, मग सगळ्यांच्या, आणि ओरडा झाला, "घडी घाल." वहिनी तशीच उभी. साहेबांचे दात हळूच काचेच्या खोलीकडे वळले. मोठे साहेब त्याच आठवड्यात यायचे होते.

भोंगाताईने मायक्रोफोन तोंडाजवळ ओढला. "वहिनीला म्हणायचंय, की तिचा रोलरवर जीव आहे आणि रोलर तिची काळजी घेतो. हो ना, वहिनी?"

सगळी लाँड्री वहिनीकडे बघत होती. वहिनी काचेकडे बघत होती.

"हो," ती म्हणाली. "तुम्ही म्हणता म्हणजे घेत असेल."

हशा झाला, टाळ्या पडल्या. पानाचा हात मागच्या खिशाकडे गेला होता, तो त्याने परत आणला आणि बॉयलरकडे निघून गेला.

घरी जाताना भोंगाताईने वहिनीच्या हातातली पिशवी घेतली. "हा आठवडा काढ गं. मोठे साहेब येऊन जाऊ देत. माझं कायम झालं की मीच साहेबांना केबिनमध्ये जाऊन सांगते. तेव्हा माझ्या बोलण्याला वजन असेल."

"आणि तोवर?"

"तोवर टोक लांबून धर."

टोक लांबून धरता येत नाही. लांबून धरलं तर चादर तिरकी जाते, सुरकुती पडते, परत धुवावी लागते आणि वर शिव्या. हे वहिनीला माहीत होतं. भोंगाताईला तर तिच्याहून जास्त माहीत होतं, त्या रोलरवर तिने जवानी वाळवली होती. तरी म्हणाली.

मग रोज फेरीत वहिनी तेच बोलायला लागली. शाळेतली पोरं पाढे म्हणतात तसं, सूर लावून. "रोलर माझी काळजी घेतोऽ." बायांना त्यातला टोमणा कळायचा. साहेब फोनवर फेरी टिपून घेत आणि वर पाठवत. टिपलेल्या आवाजात टोमणा उतरत नाही, नुसते शब्द उतरतात. हे कुणाच्या ध्यानात आलं नाही. टोमणा मारणाऱ्या वहिनीच्यासुद्धा.

मोठे साहेब आले. नव्या बुटांवर पाणी उडू नये म्हणून जपत गोलात उभे राहिले, टाळ्या ऐकल्या, खूष झाले. म्हणाले, "ही आमची खरी दौलत." भोंगाताईला कायम करायचं ठरलं. त्या संध्याकाळी तिने घरी द्राक्षं नेली.

वहिनीने घोसातलं एक तोंडात टाकलं. "गोड आहेत. सांगा आता साहेबांना."

"सोमवारी सांगते. आज त्यांचा चांगला दिवस कशाला घालवू?"

सोमवारी ती केबिनपर्यंत गेली, हे तिच्या बाजूने सांगायला हवं. साहेब फोनवर होते. त्यांनी हाताने खूण केली, नंतर. ती परत आली. आत घुसून सांगता आलं असतं. दारात उभं राहता आलं असतं. ती काचेच्या खोलीत येऊन खुर्चीवर बसली आणि उद्याचा विचार जुळवायला लागली. दुपारी जाऊ, असं ठरवलं.

दुपार व्हायच्या आधी बायांचा आवाज आला. किंकाळी नव्हती. सगळ्या मिळून एकच शब्द म्हणत होत्या, पट्टी, पट्टी, पट्टी. कुणीतरी ती पट्टी दोन्ही हातांनी दाबत होतं आणि रूळ फिरत होते. पानाने धावत जाऊन मोठा खटका पाडला तेव्हा सगळी लाँड्री एकदम गप्प झाली. कर्ण्यात नुसती खरखर. मायक्रोफोन चालू राहिला होता.

दवाखान्यात वहिनीचा उजवा हात कोपरापर्यंत पांढऱ्या पट्ट्यांत होता. डॉक्टर म्हणाले, अंगठा राहील. बाकीच्या चारांबद्दल ते काही म्हणाले नाहीत, म्हणजे म्हणायचं ते म्हणाले.

भोंगाताई स्टुलाच्या कडेवर बसली होती.  वहिनीने डाव्या हाताने अंगाखालच्या चादरीची कड चाचपली, थोडी ओढली, उलटून बघितली.

"आपलीच आहे," ती म्हणाली. "हा बघ डाग. घडीत आत घातला होता कुणीतरी."

इतक्या वर्षांत वहिनीने नणंदेला कधी अरे-तुरे केलं नव्हतं.

"वहिनी..."

"बोल ना काहीतरी. एवढी वाक्यं आहेत तुझ्यापाशी. तुझ्या त्या आरशावर काय होतं? आज जे हातात आहे ते आधी बघ." तिने पट्ट्यांचं ते बोचकं थोडं वर उचललं. "बघ."

भोंगाताईने बघितलं. वहिनीने तिला मान वळवू दिली नाही. नर्स येईपर्यंत हात तसाच वर धरून ठेवला.

तिसऱ्या दिवशी भाऊ ट्रक सोडून आला. बायकोपाशी बसला, बाहेर येऊन बहिणीशेजारी भिंतीला टेकला. हा माणूस कधी आवाज चढवायचा नाही, तेव्हाही चढवला नाही.

"माझा क्लीनर म्हणाला, ब्रेक लागत नाहीये," तो म्हणाला. "आणि मी त्याला म्हणालो, गप, गाणं म्हण. आणि पुढे ट्रक कुणाच्या अंगावर गेला. तर तू मला काय म्हणशील?"

ती पदराच्या टोकाची घडी घालत राहिली.

"मीच विचारतोय. मला खरंच कळत नाहीये काय म्हणायचं."

मग चौकशी लागली. सरकारी तपासणी करणाऱ्या एक बाई येणार होत्या. त्या काय लिहितील त्यावर वहिनीला भरपाई मिळणार का, हे ठरणार होतं. चूक यंत्राची आणि कंपनीची असेल तर मिळणार. कामावरच्या बाईचीच असेल तर हात गेला तो गेला, वर नोकरीही.

आदल्या दिवशी साहेबांनी भोंगाताईला केबिनमध्ये बोलावलं. बसायला सांगितलं. "तुम्हाला खोटं बोलायला मी कधी सांगणार नाही," ते म्हणाले. "वहिनी फेरीत रोज काय म्हणायच्या, तेवढंच सांगा. खरं तेच. तुमचं पत्र तयार आहे, सही राहिलीय."

तपासणीच्या बाई थकलेल्या होत्या. पाण्याची बाटली मांडीवर घेऊन बसल्या. आधी रोलर बघून आल्या. पट्टीला नुसतं बोट लावलं तरी रूळ थांबत होते, शिकवलेल्या कुत्र्यासारखे. अपघातानंतर तासाभरात पानाने ती दुरुस्त केली होती. तेवढंच काम होतं ते, तासाभराचं.

पाना खाली बघून म्हणाला, "फेरीत तक्रार आली नव्हती." घडी घातल्यावर उरलेलं तेवढंच खरं होतं.

साहेबांनी फोन लावला. केबिनमध्ये वहिनीचा आवाज आला. रोलर माझी काळजी घेतोऽ. मग दुसऱ्या सकाळचा. मग तिसऱ्या. तपासणीच्या बाईंनी मान वर केली. "हे त्या स्वतः म्हणतायत?"

"स्वतः," साहेब म्हणाले. "सगळ्यांसमोर."

आता सगळ्यांनी भोंगाताईकडे बघितलं. तिच्यापुढे दोनच वाटा होत्या आणि दोन्ही तिला उघड दिसत होत्या. हो म्हणायचं की खुर्ची राहते. नाही म्हणायचं की वहिनीचं काहीतरी राहतं.

"ते वाक्य तिचं नाही," ती म्हणाली. "माझं आहे. ती म्हणाली होती, पट्टी अडकते, हात जाईल. सगळ्यांनी ऐकलंय. मी तिला ते फिरवायला लावलं."

"तुम्हाला तसं करायला कुणी सांगितलं होतं?"

तिने साहेबांकडे बघितलं. साहेब हसत होते, पण ओठ मिटून. तिने आठवून बघितलं. साहेबांनी कधी काही सांगितलं होतं? त्यांनी खुर्ची दिली होती. मायक्रोफोन दिला होता. काचेकडे बघून हसले होते. पण सांगितलं असं काहीच नव्हतं. सांगावं लागू नये म्हणूनच तर ती तिथे बसवलेली होती.

"कुणी नाही," ती म्हणाली. "मीच."

शब्द तोंडातून सुटले आणि तिला कळलं, ही पण घडीच झाली. सगळा डाग आत, तिच्या अंगाला. बाहेरून कंपनी पांढरीशुभ्र.

"पण बाई, फळा कुणी काढला ते विचारा ना."

"कसला फळा?"

"बॉयलरजवळचा. त्यावर लिहिलं असतं तर पानाने..."

"जुना होता, मॅडम," साहेब म्हणाले. "मोडका. पडून कुणाला लागला असता."

तपासणीच्या बाईंनी पेनाला टोपण लावलं होतं. त्यांनी ते क्षणभर हातात फिरवलं. मग बाटलीतलं पाणी प्यायल्या आणि उठल्या. त्यांना अजून दोन ठिकाणी जायचं होतं.

निकाल असा लागला. यंत्र ठीक. तक्रार झाली होती, पण ती एका कर्मचारी बाईने, घरातल्याच नात्यातली असूनही, अति उत्साहाने दडपली, कंपनीपर्यंत पोहोचू दिली नाही. तरी माणुसकी म्हणून कंपनीने वहिनीला काहीतरी दिलं, आणि पुढे काही मागणार नाही अशा कागदावर तिच्या डाव्या हाताचा अंगठा घेतला. भोंगाताईला काढलं. ती सामान आणायला गेली तेव्हा काचेच्या खोलीत घडीच्या टेबलावरची ती पोरगी बसली होती, लग्न मोडलेली. भोंगाताईला बघून ती अर्धवट उठली.

"बस," भोंगाताई म्हणाली. दुसरं काय म्हणणार?

बाहेर रस्त्यावर आली तोवर कर्णे सुरू झाले. आवाज नवा होता, वाक्य तिचंच होतं. पाय शाबूत आहेत म्हणून हसा.

आता दोघी घरी असतात. भोंगाताई सकाळी उठते, वहिनीची वेणी घालते, बटणं लावते, पोळीचा घास मोडून ताटाच्या डाव्या बाजूला ठेवते. वहिनी डाव्या हाताने जेवायला शिकली, पण वेणीला दोन हात लागतात, त्याला इलाज नाही. चार माणसं येतात, म्हणतात, बघा, नणंद कशी करते, नशीब लागतं. वहिनी त्यांना काही सांगत नाही. भाऊ येतो, दोघींकडे आळीपाळीने बघतो आणि पुढच्या फेरीवर लवकर निघतो.

वहिनीने तिला माफ केलं का? नाही. उगाच कशाला खोटं सांगा. पण घराबाहेरही काढलं नाही. त्याऐवजी तिने एक पद्धत पाडलीय. सकाळी चहाच्या आधी पाठमोरी बसून, वेणी घालून घेता घेता विचारते.

"काय मोडलंय?"

"कपाटाचं बिजागर सुटलंय," परवा भोंगाताई म्हणाली.

"आणखी?"

"खिडकीतून पाणी येतं. दोन महिन्यांपासून."

"आणखी?"

भोंगाताईने पेडाला पेड घातला. "पण आज ऊन चांगलं पडलंय, वहिनी. गाद्या..."

वहिनीने डावा हात मांडीवर आपटला. एकदा, दोनदा. एका हाताने टाळी वाजत नाही, पण मांडी वाजते.

"घडी उघड," ती म्हणाली.

भोंगाताईचे हात थांबले. खिडकीतून खरंच ऊन आलं होतं, फरशीवर पडलं होतं. ती त्या उन्हाकडे बघत राहिली. एवढी वाक्यं पाठ होती, त्यातलं एकही कामाचं नव्हतं. शेवटी कुठल्याच कॅलेंडरवर नसलेलं एक निघालं.

"मला खुर्ची हवी होती."

वहिनीने मागे वळून बघितलं नाही.

"हां," ती म्हणाली. "आता वेणी पुरी कर. आणि चहा ठेव."